माती बंद

एक

सिद्धाप्पाला तालमीतून काढलं त्याला दोन वर्षं होऊन गेली होती, आणि या दोन वर्षांत त्यानं ‘का?’ म्हणून एकदाही विचारलं नव्हतं. गंगाधरपंतांना सगळ्यात जास्त खटकलं ते हेच.

पंतांची उभी हयात सोलापूरच्या कोर्टात वकिली करण्यात गेली. कोंबडी काखेत असताना पकडलेला चोरही ‘ही माझी नव्हेच’ म्हणून गळा काढतो, हे त्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं. आणि इथं एक तरणाबांड मल्ल, ज्याची कुस्ती बघायला गिरणीतली माणसं पाळी बुडवून यायची, त्याच्यावर तहहयात बंदी येते आणि तो हूं की चूं करत नाही. मुकाट्यानं जाऊन गिरणीच्या गोदामात कापसाच्या गाठी उचलायला लागतो. असा आरोपी पंतांच्या पाहण्यात नव्हता.

हे लचांड त्यांच्या गळ्यात पडलं ते असं. अखिल हिंदुस्थान हौशी कुस्ती महामंडळ अशा लांबलचक नावाची एक संस्था मुंबईत होती. गावोगावच्या तालमी तिला जोडलेल्या, परदेशी जाणारे मल्लही तीच निवडायची. तिचा एक नियम फार कडक होता. हौशी मल्लानं बक्षिसाची कुस्ती धरायची नाही. जत्रेत कुणी चांदीचं कडं दिलं, फेटा बांधला आणि तो घेतला, की संपलं. महामंडळाच्या कुठल्याही तालमीच्या मातीत पुन्हा पाय ठेवायचा नाही. सिद्धाप्पावर ठपका होता तो हाच. अक्कलकोटच्या पलीकडे, कानडी मुलखाच्या सीमेवर कल्लहट्टी म्हणून गाव आहे. तिथल्या जत्रेत तो कड्यासाठी लढला, असं महामंडळाच्या दप्तरी होतं.

यंदा महामंडळाला नवे अध्यक्ष मिळाले. हायकोर्टातून निवृत्त झालेला माणूस. त्यांनी आल्या आल्या विचारलं, की या शिक्षा झालेल्यांपैकी किती जणांचं ऐकून घेतलं होतं? कार्यालयात सगळे एकमेकांची तोंडं बघू लागले. मग जुन्या शिक्षा तपासायला प्रत्येक गावी एकेक माणूस नेमायचं ठरलं, आणि सोलापूरची चिठ्ठी पंतांच्या नावे निघाली. रविवारी महामंडळाची बैठक सोलापुरातच होती. तोवर सिद्धाप्पाच्या बाजूनं काही निघालं तर ठीक, नाहीतर बंदी जन्माची.

पंतांची बायको रुक्मिणी असती, तर विळीवरून मान वर न करता तिनं विचारलं असतं, “पण त्या बिचाऱ्याचं म्हणणं काय?” प्रत्येक खटल्यात ती हेच विचारायची आणि पंत दर वेळी चिडायचे. आता ती नव्हती आणि चिडायलाही कुणी नव्हतं. पंतांनी टोपी घातली, छत्री घेतली आणि ते बाहेर पडले.

दोन

महामंडळाच्या सोलापूर शाखेचे चिटणीस शरच्चंद्र हे शाळेत इंग्रजी शिकवायचे. माणूस चोख, सदऱ्याची घडी मोडलेली कुणी पाहिली नव्हती. शिक्षा त्यांच्याच अहवालावरून झालेली, त्यामुळे पंतांना बघून त्यांच्या कपाळाला बारीक आठी पडली.

त्यांचं म्हणणं सरळ होतं. कल्लहट्टीचा पाटील सोलापुरात आला असताना मोठ्या कौतुकानं त्यांना म्हणाला, तुमच्या सोलापूरच्या सिद्धाप्पानं आमचं कडं मारलं बरं का. अख्ख्या जत्रेसमोर नाव पुकारलं होतं. परदेशी जाणाऱ्या संघाची निवड तोंडावर आलेली. शरच्चंद्रांनी त्याच दिवशी मुंबईला कळवलं आणि उलट टपाली बंदी आली. सिद्धाप्पाच्या जागी त्याच तालमीतला कोंडीबा बोटीत बसला आणि पहिल्याच फेरीत हरून परत आला.

पंतांनी विचारलं, पाटलानं सिद्धाप्पाला आधी कधी पाहिलं होतं का. नव्हतं, असं शरच्चंद्र म्हणाले. आणि तो पाटील आता हयातही नाही. सिद्धाप्पाला बोलावून आरोप सांगितला होता का, या प्रश्नावर त्यांनी चष्मा पुसायला घेतला.

“गंगाधरपंत, आरोप मी मुद्दामच गुप्त ठेवला. त्याच्याच अब्रूसाठी. मुंबईचे चौघे आणि मी, याखेरीज कुणाला ठाऊक नाही. वस्तादांनाही मी फक्त शिक्षा कळवली. आणि त्याला विचारायचं काय? तो निर्दोष असता तर माझ्या दारात येऊन ओरडला नसता?”

 हाच प्रश्न पंतांनाही सकाळपासून छळत होता.

तीन

तालीम बाळीवेशीच्या मागच्या अंगाला होती. आत शिरताच ताक, तेल आणि हळद मुरलेल्या तांबड्या मातीचा वास नाकात भरला. कोपऱ्यात शेंदराचा मारुती होता, त्याच्यापुढे समई. मारुतीच्या पायाशी, फुलांच्या बाजूला, एक घडी घातलेला लाल लंगोट ठेवलेला पंतांनी पाहिला आणि त्यांना वाटलं कुणा पोराचा राहिला असेल.

वस्ताद शिवलिंगप्पा कमी बोलणारे. गुडघे गेले तरी मातीच्या हौदाच्या काठावर बसून तेच पोरं घडवायचे. सिद्धाप्पाचं नाव काढताच त्यांनी मातीकडे नजर लावली.

काय घडलं ते पंतांनी खोदून खोदून काढलं. शरच्चंद्रांचा निरोप आला, त्या संध्याकाळी सिद्धाप्पा जोर मारून उठला होता. वस्ताद त्याला एवढंच म्हणाले, “आजपासून तुला माती बंद.” तो जरा उभा राहिला. मग त्यानं वस्तादांचे पाय धरले, लंगोट धुऊन, घडी घालून मारुतीपुढे ठेवला आणि निघून गेला.

“तुम्ही कारण नाही सांगितलंत?”

“आमच्यात कारन सांगत न्हाईत, वकीलसायेब. वस्तादानं माती बंद म्हन्लं की बंद. पोरानं इचारायचं न्हाय, आमी सांगायचं न्हाय. माझ्या वस्तादाच्या वेळंपासनं हेच चालत आलंय.” थोडं थांबून ते म्हणाले, “आन् खरं सांगू, मला तरी कुटं कारन ठावं व्हतं.”

तो मारुतीपुढचा लंगोट सिद्धाप्पाचाच होता तर. वस्तादांनी तो दोन वर्षं तिथून हलवला नव्हता. रोज फुलं वाहताना बाजूला करून पुन्हा जागेवर ठेवायचे. मूल नसलेल्या त्या माणसाला पोराची किती ओढ लागली होती, हे सांगायला वेगळ्या साक्षीदाराची गरज नव्हती. एरवी असा लंगोट इथं कोण ठेवतं, असं पंतांनी सहज विचारलं. लग्न ठरलेली पोरं ठेवतात, असं वस्ताद म्हणाले. तालमीत येताना मारुतीपुढे ब्रह्मचर्याची शपथ घ्यायची, संसारात पडताना लंगोट त्याला परत द्यायचा.

एवढ्यात कोंडीबा आला. जेऊरकडचा, निव्वळ मराठी मुलखातला गडी, आता गिरणीत जॉबर, म्हणजे मुकादम झालेला, अंगानं चांगलाच सुटला होता. दमदार लढणाऱ्या मल्लाचा एखादा कान घासून घासून चुरगळतो. कोंडीबाचा उजवा कान मिटून गेलेला होता. तो सिद्धाप्पाबद्दल भरभरून बोलला. त्याच्यासारखा दुसरा मल्ल जिल्ह्यात झाला नाही, बोटीत तोच बसायला हवा होता, असं म्हणताना त्याचा आवाज कापरा झाला. बोलता बोलता त्यानं पंतांच्या नजरेला नजर मात्र एकदाही दिली नाही. सिद्धाप्पा कुठे भेटेल, असं विचारल्यावर त्यानं बोट दाखवलं.

“त्यो काय, समोर लिंबाखाली. रोज पाळी सुटली की हितंच येतो. रस्ता वलांडत न्हाय.”

चार

लिंबाच्या पारावर सिद्धाप्पा बसला होता. आडव्या हाडापेराचा माणूस, खांद्यावर गोदामातल्या कापसाचे तंतू. डोळे तालमीच्या दारावर लागलेले. आत कुणीतरी शड्डू ठोकला, तशी त्याच्या मांडीवरची बोटं आपसूक हलली.

पंत त्याच्या डाव्या हाताला टेकले. त्यानं लगेच उठून जागा बदलली आणि त्यांच्या पलीकडे बसला. डावा कान कामातून गेलाय, असं त्यानं ओशाळून सांगितलं. पंतांनी पाहिलं तर तो कान सुकलेल्या अंजिरासारखा गोळा झालेला होता. घरच्या गोष्टी निघाल्या. सिद्धाप्पा धनगराचा, भीमेकाठच्या वाडीतला. मेंढरांमागे वाढला. घरात कानडीच बोलतात, मराठी तो तालमीत शिकला.

“मातीची आठवण येते?” पंतांनी विचारलं.

“वास येतो नव्हं का हितं,” सिद्धाप्पा तालमीकडं मान करून म्हणाला. “वारं तिकडचं असलं की लई येतो. मंग त्या दिशी घरी जाऊ वाटत न्हाय.”

 रुक्मिणी गेल्यावर तिच्या लुगड्यांची पेटी पंतांनी अजून उघडली नव्हती, ती याच भीतीनं. त्यांनी आपण कशासाठी आलो ते सांगितलं. महामंडळानं नेमलंय, रविवारी निकाल आहे, तुझी माती उघडायची की कायमची मिटवायची ते ठरणार आहे.

“तर तुझ्या हातून जे घडलं म्हणतात, त्यावर तुझं म्हणणं काय?”

सिद्धाप्पा खांद्यावरचे तंतू वेचू लागला. तालमीतली पोरं एकेक करून बाहेर पडली, वस्तादांनी दार ओढून घेतलं.

“खरं हाय ते,” तो म्हणाला. “चूक माजीच हाय, वकीलसायेब. मारुतीच्या डोळ्यांत धूळ टाकाय गेलो. शिक्षा बरोबर हाय. तुमी कशाला तरास घेता.”

आणि तो उठून चालायला लागला.

पाच

कबुली मिळाल्यावर खरं म्हणजे तपास संपला. पंतांनी तसं लिहायला घेतलंही. पण रुक्मिणीचा प्रश्न काही पाठ सोडेना. शेवटी कागद बाजूला सारून त्यांनी आगगाडी पकडली, अक्कलकोट रोडला उतरून बैलगाडी केली आणि हाडं खिळखिळी करून घेत कल्लहट्टी गाठली.

दोन वर्षांपूर्वीची कुस्ती कुणाला नीट आठवेना. कडं सोलापूरच्या गड्यानं नेलं एवढंच सगळे सांगायचे. पंत हात हलवत परत निघणार, तेवढ्यात देवळापाशी नारळ-फुलं विकणारी चंद्रव्वा हसायला लागली.

“आठवतंय की मला. लई येडा मानूस.”

जत्रेत तिचं दुकान कुस्तीच्या फडाला लागूनच असायचं. कुस्ती झाल्यावर तो मल्ल दम खात तिच्या टोपल्यांपाशी उभा होता. पाटील ओरडून सांगत होता, ‘इल्ली बा’, इकडं ये, आधी देवाला हात जोड, मग कडं घे. हा आपला टकामका बघत उभा.

“कन्नड बरंगिल्ल त्याला. येक अक्षर येत नव्हतं बघा. जाऊन आदी कड्यालाच हात घातला, तर लोक हसले की. मंग मीच उठले, कानात मराठीत सांगिटलं.”

पंतांचे कान टवकारले. “कुठल्या कानात, आठवतं?”

चंद्रव्वानं आठवून बघण्यासाठी उठून हावभावच केले. तो मल्ल असा उभा होता, ती टोपल्यांकडून आली, उजव्या बाजूनं. हलगी तडातडा वाजत होती. तिनं ओरडून सांगितलं तरी त्याला ऐकू जाईना. उजवा कान पार मिटलेला होता, मल्लांचा असतो तसा. मग त्यानं मान फिरवून डावा कान पुढं केला.

पंतांनी रविवारी सोलापूरला येशील का म्हणून तिला विचारलं. सिद्धेश्वराचं दर्शन घडणार असेल तर येईन, असं ती म्हणाली. परतीच्या गाडीत पंत खिडकीशी बसून होते. घरात कानडी बोलणाऱ्या माणसाला ‘इल्ली बा’ कळलं नाही, हे शक्य नव्हतं. आणि डावा कान गेलेला माणूस तोच कान पुढे करणार नव्हता. लढला तो सिद्धाप्पा नव्हताच. उजवा कान मिटलेला आणि कानडीचा गंध नसलेला मल्ल त्या तालमीत दुसराच होता.

मग न केलेला गुन्हा सिद्धाप्पानं कबूल का केला?

सहा

मित्राला वाचवायला, हे उत्तर पंतांना गाडी सोलापुरात शिरेपर्यंत पटलं होतं. कोंडीबा सिद्धाप्पाच्या नावानं लढला, सिद्धाप्पाला ते कळलं आणि त्यानं सगळं पोटात घातलं. एवढा मोठ्या मनाचा माणूस, म्हणून स्टेशनवर उतरताना त्यांचा ऊर भरून आला. ते टांग्यातून थेट लिंबाच्या झाडाकडे गेले.

“आता लपवू नकोस,” पाराशी पोचताच ते म्हणाले. “कल्लहट्टीच्या जत्रेत लढला तो कोंडीबा होता ना?”

सिद्धाप्पानं त्यांच्याकडे पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर भीती नव्हती, ओशाळलेपणाही नव्हता. त्याला काही कळलेलंच नव्हतं.

“कुटली जत्रा?”

पंत पाराच्या काठावर टेकले. मागच्या खेपेला आपण काय विचारलं होतं, ते त्यांना शब्दन् शब्द आठवलं. तुझ्या हातून जे घडलं म्हणतात, त्यावर तुझं म्हणणं काय. काय घडलं म्हणतात ते सांगायला मात्र ते विसरले होते. शरच्चंद्रांनी अब्रूसाठी सांगितलं नाही, वस्तादांनी रीत म्हणून सांगितलं नाही, आणि ज्याला मुद्दाम ऐकायला पाठवलं होतं त्यानं ते गृहीत धरलं. पंतांना स्वतःची इतकी लाज कधी वाटली नव्हती.

त्यांनी आता पहिल्यापासून सगळं सांगितलं. कडं, पाटील, मुंबईचा हुकूम. सिद्धाप्पा ऐकत होता आणि त्याचं तोंड हळूहळू उघडत होतं.

“ह्यासाटी? कड्यासाटी माती बंद केली व्हय?”

“मग तू कबूल काय केलंस?”

आता त्याचा बांध फुटला. मामाची मुलगी होती, मायाक्का. लहानपणापासून दोघांनी मेंढरं एकत्र चारलेली. शपथ घेऊन तो तालमीत आला खरा, पण मन तिकडेच. त्या वर्षी संक्रांतीला ती सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या जत्रेला आली होती. त्यानं तिला बांगड्या भरायला नेलं आणि कासाराच्या गर्दीत तिचा हात हातात घेऊन उभा राहिला. मान वर केली तर समोर वस्ताद. वस्तादांनी बघितलं आणि काही न बोलता पुढे गेले. त्यानंतर थोड्याच दिवसांनी ते म्हणाले, तुला माती बंद.

“मला वाटलं वस्तादांनी वळखलं. मारुतीची शपत मोडली, मंग कुन्या तोंडानं ‘का’ म्हनून इचारायचं? लंगुट ठेवला. आन् मायाक्कालाबी निरोप धाडला, आता वाट बगू नगं म्हनून. तिच्यापायी माती गेली, आता मातीपायी तीबी नगं, म्हन्लं.”

पंत त्याला घेऊन रस्ता ओलांडून तालमीच्या दाराशी गेले. सिद्धाप्पा उंबऱ्याबाहेरच थांबला. गड्ड्यात याला मुलीबरोबर पाहिलं होतं का, असं पंतांनी वस्तादांना विचारलं. वस्ताद गोंधळले. त्या साली त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदू वाढला होता, वितीवरचं माणूस दिसायचं नाही, शस्त्रक्रिया पुढे उन्हाळ्यात झाली. बांगड्यांच्या बाजारात ते वाट चुकून शिरले होते.

उंबऱ्याबाहेरून सिद्धाप्पा हे सगळं ऐकत होता.

सात

रविवारी बैठकीला दालन भरलं होतं. अध्यक्ष मधोमध, बाजूला मुंबईचे सभासद, समोर तालमीतली माणसं. कोंडीबा भिंतीला टेकून उभा होता. पंतांनी चंद्रव्वाला पुढे बसवलं, सिद्धाप्पाला तिच्याशी कानडीतून बोलायला लावलं. तो तिच्याशी गावाकडच्या पावसापाण्याचं बोलला तेव्हा ती पंतांकडे वळून म्हणाली, हा तो नव्हे, याला तर आमच्यापेक्षा चांगली भाषा येते. मग पंतांनी त्याचा डावा कान सगळ्यांना दाखवला आणि उजव्या कानाची हकीकत सांगितली. कुजबूज झाली. दालनातले मल्ल एकमेकांचे कान बघू लागले.

शरच्चंद्र पांढरे पडले होते. आपली चूक एका दिवसात धुऊन टाकावी असं त्यांना वाटलं असावं.

“मग लढला कोण, ते नाव सांगा,” ते ताडकन उठून म्हणाले. “सगळे सभासद हजर आहेत. आत्ताच्या आत्ता त्याला काढून टाकू.”

“माझ्याकडे एक तर्क आहे,” पंत म्हणाले. “पण त्या माणसाला मी अजून काही सांगितलेलं नाही आणि त्याचं काही ऐकलेलं नाही. तेव्हा नाव मी घेणार नाही.”

सगळ्यांच्या नजरा सिद्धाप्पाकडे गेल्या. ज्याचं सगळं गेलं, त्याला तरी नाव हवंच असणार. सिद्धाप्पा भिंतीकडे न बघता म्हणाला, “त्याला आदी इचारा की. काय म्हन्तोय ते.”

 मग कोंडीबाच भिंतीपासून सुटा होऊन पुढे आला.

त्यानं सगळं सांगितलं. तो कड्यासाठी गेलाच नव्हता. गिरणीच्या कामाला त्या बाजूला गेला असताना लांबून हलगी ऐकू आली. हौशी कुस्त्यांत टाळ्या वाजतात, पण हलगी नसते, गुलाल नसतो. जेऊरच्या जत्रेत बापाच्या खांद्यावर बसून जे पाहिलं, त्यातलं काहीच नसतं. पाय आपोआप फडाकडे वळले. नाव विचारलं तेव्हा स्वतःचं सांगता येईना.

“तोंडात आलं ते ह्याचंच नाव. रातंदिस मनात तेच असायचं, ह्याच्यावानी लढायचं, ह्याच्यावानी लढायचं. त्या दिशी लढलोबी तसाच. माती बंद झाली तवा कारन मी वळखलं. वाटलं, ह्यानं इचारलं तर सांगीन. ह्यानं इचारलंच न्हाय.” तो खाली मान घालून रडायला लागला. “बोटीत मी ह्याच्या जागंवर बसलो, तितं हात-पाय चालंनात माजं.”

अध्यक्षांनी त्याला पाणी देववलं आणि बसून पुन्हा सावकाश सांग म्हणाले. कोंडीबाला वर्षभर मातीबाहेर राहावं लागलं, पण ते कारण सांगून आणि त्याचं ऐकून. सिद्धाप्पाची बंदी त्याच बैठकीत उठली. शरच्चंद्र त्याच्यापुढे येऊन काहीतरी बोलायला गेले, पण त्यांच्या चोख मराठीत त्या प्रसंगाला पुरेल असं वाक्य सापडलं नाही.

आठ

वस्तादांनी मारुतीपुढचा लंगोट उचलून सिद्धाप्पाच्या हातात दिला आणि ये म्हणाले. पण तो मातीत उतरला नाही. त्याला आधी वाडीला जायचं होतं. मायाक्काला विचारायचंय, असं तो पंतांना म्हणाला, आणि त्याचा चेहरा पंतांनी कधी न पाहिलेला असा उजळला होता. पंत त्या रात्री दोन घास जास्त जेवले.

पुढच्या आठवड्यात ते मुद्दाम लिंबाकडून गेले. सिद्धाप्पा पारावर बसला होता, लंगोट तसाच घडी घातलेला मांडीवर. पंत न विसरता त्याच्या उजव्या हाताला बसले.

“भेटली?”

“गेल्या दिवाळीला दिली तिला. खाली दक्षिणंला, इंडीकडं.”

मामी निंगव्वानं त्याला भाकरी वाढली होती. समोर बसून तिनं सांगितलं, की मायाक्कानं वर्षभर दोन स्थळं परतवली. सोलापूरहून बाजार करून कुणी आलं की ती वाटेवर जाऊन उभी राहायची. प्रत्येकाजवळ तिनं एकच निरोप दिला होता, आणि लोकांनी तो सिद्धाप्पापर्यंत आणलाही होता.

“काय निरोप?”

“का म्हनून नगं झाले, तेवडं सांग म्हनावं.” सिद्धाप्पानं मांडीवरच्या लंगोटाची घडी चाचपली. “मी न्हाय इचारलं कुनाला, वकीलसायेब. पर तिनं इचारलं व्हतं. आन् मी उत्तरच धाडलं न्हाय.”

समोर तालमीत दिवा लागला. वस्ताद दारात येऊन उभे राहिले आणि आता स्वच्छ दिसणाऱ्या डोळ्यांनी इकडे बघत राहिले. सिद्धाप्पा उठला, रस्ता ओलांडून आत गेला. पंतही मागोमाग उंबऱ्यापर्यंत गेले.

त्यानं लंगोट बांधला, वाकून चिमूटभर माती कपाळाला लावली आणि हौदात पाय ठेवला. पावलं घोट्यापर्यंत तांबड्या मातीत बुडाली. ओंजळीनं माती उचलून त्यानं छातीवर, खांद्यांवर घेतली. मग शड्डू ठोकायला उचललेला हात तसाच खाली आला आणि तो मधोमध उभा राहिला, दक्षिणेकडे तोंड करून. पोरं जोर मारायची थांबली. बराच वेळ तो तसाच उभा होता, आणि या वेळी त्याला कुणी काही विचारलं नाही.